ऐकणारीचा चेहरा

गेल्या उन्हाळ्याच्या सुट्टीत मी पुण्याला बहिणीकडे गेले होते. दुपारची जेवणे आटोपली, बहीण पापडाच्या लाट्या करायला बसली आणि तिला मदत करण्याच्या निमित्ताने मी लाट्या खायला बसले. तेवढ्यात भाचा आला आणि म्हणाला, "मावशी, तुझ्या शाळेचा सिनेमा लावतो, बघ."

माझ्या शाळेवर कुणी सिनेमा काढावा इतकी ती नामांकित नाही. तिचे पत्रे पावसात गळतात, एवढीच काय ती तिची गावात ख्याती. पण भाच्याने आपला संगणक आमच्या पोळपाटाशेजारी आणून ठेवला आणि एक जुना इंग्रजी बोलपट सुरू झाला. काळापांढरा, १९५९ सालचा. नाव ‘कॅरी ऑन टीचर’.

आता माझे इंग्रजी म्हणजे मॅट्रिकचे इंग्रजी. एखादे वाक्य छापून सावकाश समोर उभे राहिले, तर मी त्याची ओळख पटवू शकते. पण बोललेले वाक्य धावत जाते आणि मला त्याची पाठ तेवढी दिसते. त्यातून विनोदाचे इंग्रजी तर आगगाडीसारखे धावते. पहिली दहा मिनिटे मी बावरून बसले होते. मग माझ्या ध्यानात आले, की आपण बोलणाऱ्याकडे बघायचे सोडून दिले आहे. आपण बघतो आहोत ते ऐकणाऱ्याकडे. लहानपणी घरात मोठी माणसे हलक्या आवाजात काही बोलू लागली, की मी आईच्या तोंडाकडे बघत असे. बोलणे कळत नसे, पण बातमी बरी की वाईट हे आईच्या चेहऱ्यावर लिहिलेले असे. तीच विद्या इथे कामी आली.

आणि त्या बोलपटात ऐकणारा एक चेहरा असा होता, की त्याच्यावर सगळे लिहिलेले होते. शाळेतली कसरतीची शिक्षिका. गोल चेहरा, टपोरे डोळे, गालाला खळी पडेल न पडेल असे हसू. दुसरे कुणी काही वेडेवाकडे बोलले, की आधी तिच्या भुवया ते ऐकत, मग डोळे ऐकत आणि सर्वांत शेवटी ओठ ऐकत. तिथवर येईतो मला विनोद कळलेला असे. बहीण म्हणाली, "तुला एवढे इंग्रजी कधीपासून कळायला लागले?" मी म्हटले, "मला नाही कळत. तिला कळते, आणि ती मला सांगते."

गोष्टही मोठी गोड होती. एका शाळेचे हेडमास्तर वीस वर्षे तिथेच काम करीत आहेत. आपल्या जन्मगावाजवळ नवी शाळा निघते आहे, तिथे आपली नेमणूक व्हावी असे त्यांच्या मनात आले आहे. त्यासाठी तपासनीसांचा शेरा चांगला पडायला हवा. आणि नेमके तपासनीस येतात त्याच आठवड्यात मुले नुसता हैदोस घालतात. आपल्याकडे खाजकुइली वापरतात तशी खाजेची पूड काय पसरतात, नाटकाची तालीम काय उधळतात! सगळ्यांना वाटते, पोरे वाह्यात झाली. शेवटी उलगडते ते असे, की हेडमास्तरांवर मुलांचा जीव आहे. शेरा वाईट पडला तर ते आपल्याला सोडून जाणार नाहीत, एवढाच त्या पोरांचा हिशेब. हेडमास्तर राहायचे ठरवतात. त्या ठिकाणी माझ्या डोळ्यांत पाणी आले. बहिणीने ते पाहिले, पण उडदाच्या पिठात हिंग जास्त झाला असेल असे म्हणून तिने माझी लाज राखली.

सिनेमा संपल्यावर मी विचारले, "ती कसरतीची बाई कोण रे?"

"जोन सिम्स," भाचा म्हणाला, "पण ती काही हीरॉइन नव्हे, मावशी."

ते मला ठाऊक होते. मी आयुष्यात हीरॉइनकडे क्वचितच बघितले आहे.

मग मला नादच लागला. सुट्टी संपेपर्यंत रोज दुपारी एक, अशी मी ती सगळी माळ ओढली. ‘कॅरी ऑन’ म्हणजे ‘चालू द्या’. इस्पितळ, पोलीसठाणे, सैन्य, रोमचे राज्य, जे दिसेल त्याची टिंगल करून ‘चालू द्या’ म्हणणारे हे इंग्रजी बोलपट १९५८ सालापासून निघू लागले. वीस वर्षांत तीसेक निघाले आणि १९९२ मध्ये शेवटचा. निर्माता एकच, पिटर रॉजर्स. दिग्दर्शक एकच, जेरल्ड थॉमस. लंडनबाहेरचा पाइनवुड स्टुडिओ हे त्यांचे घर. आणि नटमंडळीही बरीचशी तीच ती. सिड जेम्स, केनेथ विल्यम्स, हॅटी जॅक्स, चार्ल्स हॉट्री. आपल्याकडच्या जुन्या नाटकमंडळीसारखा एकत्र कुटुंबाचा कारभार. विनोद काही फार सोवळा नव्हे. मुलांबरोबर बसून बघण्यासारखे त्यांतले सगळेच नाहीत, हे मी शाळामास्तरीण या नात्याने सांगून ठेवते. पण त्या कुटुंबात जोन सिम्सने चोवीस बोलपटांत कामे केली. स्त्रियांमध्ये इतकी कुणी केली नाहीत.

भाच्याने तिची हकिकत शोधून काढली आणि मला मराठीत सांगितली. तिचा जन्म ९ मे १९३० चा, इंग्लंडातल्या एसेक्स परगण्यात लेनडन नावाच्या गावी. लंडन नव्हे, लेनडन. लंडनहून साउथएंडच्या समुद्राकडे जाणाऱ्या लोहमार्गावरचे हे एक स्टेशन आणि जोनचे वडील तिथले स्टेशनमास्तर. घरात ही एकुलती एक. खेळायला भावंडे नाहीत. तेव्हा ही पोरगी गाडीची वाट बघत बसलेल्या उतारूंना नकला करून दाखवायची, गाऊन दाखवायची.

हे ऐकले आणि मला वाटले, नटीला याहून चांगली शाळा मिळाली नसती. गाडीची वाट बघणारा माणूस म्हणजे मोठा विलक्षण प्रेक्षक. त्याने तिकीट काढलेले असते, पण तुमचा खेळ बघण्यासाठी नव्हे. त्याचे अर्धे लक्ष सिग्नलकडे असते. त्याचे उरलेले अर्धे लक्ष जिंकायचे आणि तेही गाडी यायच्या आत. गाडी आली, की कितीही रंगलेला खेळ अर्ध्यावर टाकून तो निघून जाणार, आणि त्याबद्दल वाईट वाटून घ्यायचे नाही. दुय्यम भूमिका करणाऱ्या नटाचे सगळे आयुष्य याहून काय निराळे असते? त्याच्या वाट्याला चार मिनिटे येतात. लोकांचे डोळे नायकाच्या वाटेकडे लागलेले असतात. तेवढ्यात आपले काम करायचे आणि फलाट मोकळा करून द्यायचा.

सोळाव्या वर्षी, १९४६ साली, ती लंडनच्या ‘राडा’ या नाट्यविद्यालयाच्या दारात उभी राहिली. परीक्षकांपुढे तिने म्हणून दाखवले ते लहान मुलांच्या ‘विनी द पू’ या अस्वलाच्या गोष्टीतले. परीक्षकांनी तिला परत पाठवले. मग विद्यालयाच्या पूर्वतयारीच्या वर्गात तिने नाव घातले, पुन्हा परीक्षा दिली, पुन्हा आपटली. चौथ्या खेपेला तिला प्रवेश मिळाला. १९५० मध्ये, विशी लागायच्या आत, ती तिथून शिकून बाहेर पडली.

ही बाई मला आवडली त्याचे खरे कारण कदाचित हेच असेल. मॅट्रिकचे गणित मला तीन वेळा द्यावे लागले. तिसऱ्या खेपेला वडील परीक्षेच्या केंद्रापर्यंत आले नाहीत. ते म्हणाले, "आता तुला रस्ता पाठ झाला आहे." त्या वाक्याचे हसू आणि त्या वाक्याचा सल, दोन्ही मी आजपर्यंत जपले आहेत. पहिल्या धडाक्यात पास होणाऱ्यांना हे कळणार नाही. पण वारंवार नापास झालेल्या माणसाला पुढे जन्मभर एक खोड लागते. कुणी काही काम दिले, की ते तो नाही म्हणत नाही. दार पुन्हा बंद होईल या भीतीने तो उंबऱ्यावरच बसून राहतो. हा माझा अनुभव झाला. जोन सिम्सचा तोच होता असे मी म्हणत नाही. पण पुढचे सगळे ऐकताना मला तो सारखा आठवत होता.

रंगभूमीवर थोडेबहुत नाव झाल्यावर ती बोलपटांत आली. १९५४ च्या ‘डॉक्टर इन द हाउस’ या गाजलेल्या चित्रपटात तिला एका नर्सचे चिमुकले काम मिळाले. त्या चित्रपटाची निर्माती होती बेटी बॉक्स, आणि तिचा नवरा तोच पिटर रॉजर्स. त्याचा दिग्दर्शक राल्फ थॉमस, आणि त्याचा भाऊ तोच जेरल्ड थॉमस. म्हणजे एका घरातल्या स्वयंपाकघरात वाटी नेऊन द्यावी आणि शेजारच्या घरातून जेवायचे बोलावणे यावे, तसे झाले. ‘कॅरी ऑन’ मालिकेचा पहिला बोलपट चालल्यावर दुसऱ्यात तिला घेतले. ‘कॅरी ऑन नर्स’ हा १९५९ साली इंग्लंडात सर्वांत जास्त चाललेला चित्रपट. त्यात ती धांदरट शिकाऊ नर्स आहे. रबरी नळ्या उकळायला ठेवते, विसरते, आणि त्यांचा कोळसा होतो. भांड्याचे झाकण काढल्यावर ती ज्या तोंडाने आत बघते ते तोंड आपल्यापैकी प्रत्येकीने कधी ना कधी केलेले आहे. दुधाचे पातेले उतू गेल्यावर आपण स्वयंपाकघरात एकट्याच असतो म्हणून ते कुणी बघत नाही, एवढेच.

त्या वेळी ती तिशीच्या आत होती. देखणी होती. ‘टीचर’मध्ये तर एक मानसोपचारतज्ज्ञ तिच्या प्रेमात पडतो. पण विनोदी नटीचे तारुण्य लवकर संपवतात, हे मला त्या दुपारी एकामागून एक बोलपट बघताना दिसून आले. १९६४ च्या ‘क्लिओ’त ती सीझरची बायको आहे, क्लिओपात्रा दुसरीच कुणी. त्यानंतरच्या ‘काउबॉय’मध्ये तिला एकदा झगमगीत पोशाख आणि तोरा मिळाला, दारूच्या गुत्त्याची मालकीण म्हणून. आणि लगेच १९६६ च्या ‘स्क्रीमिंग’मध्ये ती फौजदाराची कटकटी बायको झाली. त्यात शेवटी तिचा दुकानातल्या कपड्यांच्या पुतळ्यासारखा पुतळा होतो. लोक हसतात. मीही हसले. मग वाटले, पडद्यावर कटकटी बायकोचा पुतळा झाला की सगळे सुटल्यासारखे हसतात. पण तो पुतळा होण्यापूर्वी तासभर तीच तर हसवत होती! १९७५ च्या ‘बिहाइंड’मध्ये तर तिला पॅट्सी रोलंड्स या नटीची आई केले. दोघींच्या वयात अंतर जेमतेम काही महिन्यांचे. आणि तिने ती आई अशी उभी केली, की कुणाच्या मनात शंका येऊ नये.

याच मालिकेत एक बोलपट आपल्या मुलखाच्या नावाचा आहे, १९६८ चा ‘अप द खैबर’. गोष्ट इंग्रजी अमदानीतली, खैबर खिंडीतली. मी जरा सावरून बसले. खिंड होती वेल्समधल्या स्नोडोनियाच्या डोंगरांतली. आपले लोक म्हणजे तोंडाला रंग फासलेले इंग्रज नट. त्यांची नावे मुद्दाम हसण्यासारखी ठेवलेली. खरे सांगायचे तर पहिला तासभर माझे मन रमले नाही. तोंडाला काळे फासून केलेली आपली नक्कल आपणच बघत बसणे काही सुखाचे नसते.

पण शेवटी मेजवानीचा प्रसंग येतो. गव्हर्नर साहेबांचा बंगला वेढला गेला आहे. बाहेरून तोफा सुटताहेत. आणि आत साहेब, त्यांची मडम आणि पाहुणे रात्रीच्या जेवणाला बसले आहेत. भिंती हादरतात, झुंबर कोसळते, वाद्यवृंदावर छत पडते. पण टेबलावरचे कुणी त्याचा उल्लेख करीत नाही. हवापाण्याच्या गप्पा चालू आहेत. घाबरला आहे तो एकटा एक पाद्री, आणि त्याच्याकडे सगळे असे बघतात, जणू त्याने पानात शिंक दिली. इथे मात्र टोपी फिरली. इंग्रज आता आपल्यालाच हसत होते. ज्या ताठ मानेवर त्यांनी राज्य केले त्या ताठ मानेला हसत होते. १९९९ मध्ये ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटने शतकातले शंभर ब्रिटिश चित्रपट निवडले, त्यांत हा नव्व्याण्णवावा आहे. मला वाटते, तो मान त्या एका जेवणाचा आहे.

त्या जेवणात मडम आहे जोन सिम्स. छताचा चुना तिच्या केसांवर, खांद्यांवर, ताटात पडतो. आणि ती झटकत झटकत अगदी शालीनपणे म्हणते, की मी थोडीशी ‘प्लॅस्टर्ड’ झालेली दिसते! इंग्रजी बोलीत त्या शब्दाचा एक अर्थ गिलावा झालेली, आणि दुसरा अर्थ दारू चढलेली. भाच्याने थांबवून मला हे समजावून सांगितले. वर म्हणाला, की हे वाक्य लिहिलेले नव्हते, ते तिला आयत्या वेळी सुचले असे सांगतात. कोसळत्या घरात बसून, तोंडावर चुना पडत असताना, एवढा नेमका शब्द सुचणे! आणि त्या चित्रपटाच्या जाहिरातीत तिचे नाव पहिले नव्हे, दुसरेही नव्हे.

आता पैशांचे बोलते, कारण पैशांशिवाय नोकरीची गोष्ट पुरी होत नाही. या बोलपटांत मुख्य पुरुष नटांना एका चित्रपटाचे पाच हजार पौंड मिळत आणि स्त्रियांना अडीच हजार, असा हिशेब सांगितला जातो. वर्षांमागून वर्षे गेली, महागाई वाढली, पण आकडा तोच. पुढे हे बोलपट दूरदर्शनवर पुन:पुन्हा दाखवू लागले. घरोघर लोक हसले. नटांना त्यातला एक छदाम मिळाला नाही, कारण करारात ते नव्हतेच. निर्मात्याचे म्हणणे असे, की आमच्याकडे कुणी नट मोठा नाही, ‘कॅरी ऑन’ हे नावच मोठे. मालकांचे हे म्हणणे सगळीकडे सारखेच असते. संस्था मोठी, माणसे येतील जातील. पण संस्थेचा चेहरा कुणी पाहिला आहे? लोकांना आठवतो तो त्या धांदरट नर्सचा चेहरा.

१९६८ च्या ऑक्टोबर-नोव्हेंबरात त्यांनी ‘कॅम्पिंग’ नावाचा बोलपट घेतला. गोष्ट भर उन्हाळ्याच्या सुट्टीची. स्टुडिओशेजारच्या बागेत चिखल झालेला, झाडांची पाने गळलेली. तेव्हा झाडांना आणि चिखलाला हिरवा रंग मारला आणि नटनट्यांना उन्हाळी कपडे घालून थंडीत उभे केले. हे वाचल्यावर मी तो पुन्हा पाहिला. त्यात जोन सिम्स सुट्टीच्या आनंदात हसते आहे. हिरव्या रंगाखालचा चिखल मला आता दिसत होता. तिच्या चेहऱ्यावरची थंडी मात्र शोधूनही दिसली नाही.

‘मेट्रन’ या १९७२ च्या बोलपटात ती बाळंतपणाला आलेली बाई आहे. दिवस केव्हाच भरून गेले आहेत, पण मूल काही येत नाही, आणि ही खाटेवर बसून सारखी खाते आहे. नवरा बिचारा रेल्वेतला नोकर, बाहेर येरझारा घालतो आहे. स्टेशनमास्तरांच्या मुलीला हे काम मिळावे आणि मुलाची गाडीच लेट व्हावी, ही गंमत त्या वेळी कुणाच्या लक्षात आली असेल का?

खुद्द तिच्या घरी पाळणा हलला नाही. तिने लग्न केले नाही. तरुणपणी एका नटाबरोबर ती काही वर्षे राहिली होती. ते आईवडिलांना पटले नाही आणि ते मोडले. केनेथ विल्यम्सने एकदा तिला मागणी घातली होती. नुसत्या सोबतीचे लग्न, एकमेकांना आधार म्हणून. तिने नको म्हटले. पडद्यावर चोवीस बोलपटांत तिने कुणाकुणाचे संसार केले! सीझरचा, गव्हर्नरचा, फौजदाराचा, रेल्वेतल्या नोकराचा. संध्याकाळी रंग पुसून ती आपल्या घरी जात असे, तिथे दार उघडायला कुणी नसे.

मालिका १९७८ मध्ये थांबली. आणि त्यानंतरच्या थोड्या काळात तीन माणसे गेली. तिची कामे बघणारा जुना एजंट गेला. जिवाची मैत्रीण हॅटी जॅक्स १९८० च्या ऑक्टोबरात गेली. आईही गेली. जोन खचली. औदासीन्याने तिला ग्रासले, दारू वाढली. भाचा हे सांगत होता तेव्हा मला तो मेजवानीतला शब्द आठवला आणि मी त्याला म्हटले, "आता जरा थांब." ज्या शब्दावर लोक पोट धरून हसले, त्याचा दुसरा अर्थ वाट बघत बसला होता. पुढे २००० साली तिने आत्मचरित्र प्रसिद्ध केले. त्याचे नाव ‘हाय स्पिरिट्स’. स्पिरिट्स म्हणजे मनाची उभारी आणि स्पिरिट्स म्हणजे दारूही. म्हणजे तिथेही तिने तेच केले. छत कोसळत होते, आणि तिने अंगावरचा चुना झटकून एक नेमका शब्द शोधला.

पण तिची गाडी तिथेच थांबली नाही, हे सांगितलेच पाहिजे. दिवाळीच्या अंकात मी तुम्हाला अंधारात सोडून जाणार नाही. १९९० नंतर दूरदर्शनवरच्या ‘ऑन द अप’ या मालिकेत ती स्वयंपाकीणबाई झाली, आणि नवी पिढी तिला ओळखू लागली. ‘अॅज टाइम गोज बाय’मध्ये म्हातारपणीही नाचत-बागडत राहणारी सावत्र सासू झाली. मग चेहऱ्याच्या एका बाजूला वारे गेले. ज्या चेहऱ्यावर तिने आयुष्य काढले त्या चेहऱ्यालाच! तरी २००० साली जूडी डेंचबरोबर तिने अखेरचे काम केले. युद्धकाळातल्या बायकांचा वाद्यवृंद म्हातारपणी पुन्हा जमतो, त्या गोष्टीत ती पियानो वाजवणारी आहे. २७ जून २००१ रोजी लंडनमध्ये, एकाहत्तराव्या वर्षी ती गेली. पुढल्या वर्षी तिच्या राहत्या जागेवर तिच्या नावाची पाटी लागली. पाटीवर नाव तिचे एकटीचे. पहिलेही तेच आणि शेवटचेही तेच.

आता तुम्ही विचाराल, की परक्या देशातली ही बाई, तिच्यासाठी तू एवढे पान का अडवलेस? त्याचे उत्तर देण्यासाठीच मी हे लिहायला बसले, आणि तेच सांगायचे मी इतका वेळ टाळते आहे.

माझ्या शाळेत स्नेहसंमेलनाची नाटुकली मी बसवते. काही वर्षांपूर्वी माझ्या वर्गात एक मुलगी होती. काठी टेकीत, तोंडाचे बोळके करून ती म्हातारी अशी करायची, की शेवटच्या रांगेतल्या बायका पदर तोंडाला लावायच्या. तीन वर्षे मी तिला आजीचेच काम दिले. चौथ्या वर्षी ती माझ्या टेबलाशी येऊन उभी राहिली आणि म्हणाली, "बाई, यंदा मी राणी होऊ?" मी हसले. म्हटले, "अगं, राणी कुणीही होईल. आजी तुझ्यावाचून कोण करणार?"

ती माझी शाबासकी होती! मी तिला किती मोठा मान दिला, असे मला तेव्हा वाटले. ती "बरं बाई" म्हणाली आणि जागेवर जाऊन बसली. आणि जन्मभर ऐकणाऱ्यांचे चेहरे वाचणारी मी, त्या दिवशी फक्त बोलत होते. तिच्या चेहऱ्याकडे मी बघितलेच नाही. त्या वर्षीही तिने आजी केली. टाळ्या पडल्या. पुढल्या वर्षी ती शाळेतून गेली. भरवशाच्या माणसाची अशीच कसरत होते. तो कधी पाडत नाही, म्हणून त्याला कुणी विचारत नाही. वाईट काम करणाऱ्याला आपण दुसरे काम देऊन बघतो; चांगले करणाऱ्याला मात्र त्याच खुंटीला बांधून ठेवतो, आणि त्या दाव्याला कौतुक म्हणतो. जोन सिम्सला अडीच हजार पौंड देणारे निर्माते मला फार लांबचे वाटत नाहीत ते यामुळे. मी तर तेवढेही दिले नव्हते.

सुट्टीनंतर शाळा उघडली. डिसेंबरात संमेलन आले. यंदाच्या वर्गातही तसलीच एक होती. ठेंगणी, गुबगुबीत, सगळ्यांच्या नकला करणारी. कामे वाटताना मी तिला विचारले, "तुला काय व्हायचे आहे?" तिने आधी मागे वळून बघितले, दुसऱ्या कुणाला विचारले की काय म्हणून. मग हळूच म्हणाली, "राणी."

खरे सांगते, नाटक थोडे पडले. आजीचे काम दुसऱ्या मुलीला दिले होते. तिला ते झेपले नाही आणि हमखास हशाच्या दोन जागा कोरड्या गेल्या. हेडमास्तर म्हणाले, "यंदा आजी जमली नाही हो, बाई." मी म्हटले, "नाही जमली खरी." राणीनेही काही फार मोठा पराक्रम केला नाही. तिचा मुकुट पुठ्ठ्याचा, एका कानावर सरकलेला. वाक्ये तिने घाईघाईने म्हटली.

मी विंगेत उभी होते. प्रधान लांबलचक भाषण करीत होता, सगळे प्रेक्षक त्याच्याकडे बघत होते, आणि मी सवयीप्रमाणे राणीकडे बघितले. तिच्या वाट्याला आता एकही वाक्य उरले नव्हते. ती ताठ बसली होती. आधी तिच्या भुवयांनी ऐकले, मग डोळ्यांनी, आणि मग ओठांनी. मुकुट तसाच सरकलेला होता, पण त्याला हात लावायचे तिला सुचलेसुद्धा नाही. राणी ऐकत होती.